प्रशिक्षक जॉन मॅडन समालोचक म्हणून इतके यशस्वी कसे झाले?

खाडीकाठ:

नमस्कार. आम्ही चार वर्षांपूर्वी पुण्याहून कॅलिफोर्नियातल्या फ्रीमॉण्टला आलो. माझा तेरा वर्षांचा मुलगा दर शनिवारी मित्रांना गोळा करून ‘मॅडन’ खेळतो, म्हणजे पडद्यासमोर बसून अमेरिकन फुटबॉलचा व्हिडिओ गेम खेळतो. मॅडन हे एखाद्या कंपनीचे नाव असावे, अशी माझी परवापर्यंत पक्की समजूत होती. शेजारच्या निवृत्त गृहस्थांनी ती दुरुस्त केली. मॅडन हा हाडामांसाचा माणूस होता, ओकलंडच्या रेडर्स संघाचा प्रशिक्षक होता आणि आमच्या घरापासून जेमतेम अर्ध्या तासावर असलेल्या प्लेझंटन गावात राहत होता, हे त्यांनी इतक्या जिव्हाळ्याने सांगितले की त्या रात्री मी जागून बरेच वाचन केले.

वाचून कुतूहल वाढले. मॅडन १९६९ मध्ये वयाच्या बत्तिसाव्या वर्षी मुख्य प्रशिक्षक झाले. दहा हंगामांत त्यांच्या संघाने साखळीतले १०३ सामने जिंकले, फक्त ३२ हरले आणि ७ बरोबरीत सोडवले. जानेवारी १९७७ मध्ये त्यांनी सुपर बोल, म्हणजे हंगामाचा विजेता ठरवणारा अंतिम सामना, जिंकला आणि दोनच वर्षांनी, बेचाळिसाव्या वर्षी, प्रशिक्षकपद कायमचे सोडले. त्याच वर्षी ते सीबीएस वाहिनीवर समालोचनाला बसले आणि पुढची तीस वर्षे सीबीएस, फॉक्स, एबीसी आणि एनबीसी अशा चारही मोठ्या वाहिन्यांवर बोलत राहिले. दूरचित्रवाणीसाठीचे एमी पुरस्कार १६ मिळाले.

मला पडलेला प्रश्न असा. आमच्या शाळेत कबड्डीचे एक सर होते. मैदानाच्या रेषेबाहेर उभे राहून ते जे ओरडत, ते ऐकून आमचा संघ जिल्ह्यापर्यंत गेला. पण स्नेहसंमेलनात त्यांच्या हाती माइक दिला, की ‘खेळाडूवृत्ती महत्त्वाची’ या एका वाक्यापलीकडे त्यांची गाडी सरकत नसे. उत्तम प्रशिक्षक हा उत्तम बोलणारा असतोच असे नाही, किंबहुना बहुधा नसतोच, असा माझा अनुभव आहे. मग मॅडन यांना हे कसे जमले? नुसत्या बोलक्या स्वभावावर एखादा माणूस तीस वर्षे टिकतो का? ज्यांनी त्यांना प्रत्यक्ष ऐकले आहे, त्यांनी कृपया लिहावे.

जुना_अलामेडाकर:

मी १९८३ मध्ये इकडे आलो, तेव्हा रेडर्स संघ ओकलंड सोडून लॉस एंजेलिसला गेला होता आणि इथले लोक सुतक पाळल्यासारखे वागत होते. त्यामुळे मॅडन यांना मैदानाच्या कडेला, तो लालबुंद चेहरा आणि हातवारे करताना, मी पाहिलेले नाही. मी त्यांना फक्त ऐकले, पण भरपूर ऐकले. आम्ही चार मराठी मुले एका खोलीत राहत होतो. रविवारी सकाळी पोहे करायचे आणि टीव्ही लावायचा, हा क्रम होता, कारण शेजाऱ्याने फुकट दिलेल्या त्या टीव्हीवर दुसरे काही धड दिसत नसे. खेळातले ओ की ठो कळत नव्हते. दोन हंगामांत आम्ही वाद घालू लागलो, इतका तो कळला, आणि तो शिकवला मॅडन यांनीच.

‘शिकवला’ हा शब्द मी विचारपूर्वक वापरतो आहे, कारण आपल्या प्रश्नाचे उत्तर माझ्या मते तिथेच आहे. मॅडन यांचे औपचारिक शिक्षणच मुळी शिक्षकाचे होते. कॅल पॉली या कॅलिफोर्नियातल्या विद्यापीठात त्यांनी शिक्षणशास्त्रात पदवी आणि पदव्युत्तर पदवी घेतली होती. १९५८ मध्ये फिलाडेल्फिया ईगल्स या व्यावसायिक संघाने त्यांना निवडले, पण पहिल्याच सराव शिबिरात गुडघा गेला आणि एकही व्यावसायिक सामना न खेळता खेळाडू म्हणून कारकीर्द संपली. त्या दुखऱ्या गुडघ्यानिशी ते नॉर्म व्हॅन ब्रॉकलिन या क्वार्टरबॅकच्या, म्हणजे चेंडू फेकून डाव चालवणाऱ्या खेळाडूच्या, शेजारी बसून सामन्यांच्या चित्रफिती पाहत. समोर काय घडते आहे आणि ते का घडते आहे, हे व्हॅन ब्रॉकलिन त्यांना फीत चालू असताना सांगत असत. अंधाऱ्या खोलीत एकाने दाखवायचे आणि दुसऱ्याने पाहायचे, हा तो प्रकार. पुढे प्रशिक्षक म्हणून दहा वर्षे त्यांनी आपल्या खेळाडूंसाठी हेच केले आणि समालोचक म्हणून आमच्यासारख्या अडाण्यांसाठीही हेच केले. माणसाचे काम बदलले असे आपण म्हणतो, पण खोली आणि समोरचे विद्यार्थी तेवढे बदलले.

एक उदाहरण सविस्तर देतो. या खेळात चेंडू एकाच्या हाती असतो आणि आपल्या नजरा साहजिकच त्याच्यामागे जातात. कॅमेराही तिकडेच जातो. मॅडन यांची नजर पुढच्या रांगेतल्या पाच आडदांड गड्यांवर असायची, कारण ते स्वतः त्याच जातीचे खेळाडू होते. त्यांतल्या ‘गार्ड’ नावाच्या गड्याचे एक काम असे असते, की चेंडू खेळात आल्याबरोबर त्याने समोरच्याला सोडून द्यायचे, आपल्याच रांगेच्या मागून आडवे पळत दुसऱ्या टोकाला जायचे आणि चेंडू घेऊन धावणाऱ्यासाठी वाट मोकळी करायची. हे सगळे दोन-तीन सेकंदांत उरकते. पहिल्यांदा पाहताना आम्हाला दिसायचे ते एवढेच, की कोणीतरी धावले आणि बारा यार्ड मिळाले. मग तेच दृश्य संथ गतीने पुन्हा लागायचे आणि पडद्यावर एक पिवळी वेडीवाकडी रेघ उमटू लागायची. मॅडन त्या गार्डभोवती गोल काढायचे, त्याच्या पळण्याची वाट आखायचे आणि जिथे तो बचाव करणाऱ्याला धडकला, तिथे ‘बूम’ म्हणून एक ठिपका ठोकायचे. तिसऱ्या-चौथ्या सामन्यात आमच्यातला एक जण रिप्ले लागण्याआधीच ओरडला, ‘अरे, तो चौसष्ट नंबरवाला आडवा पळाला!’ त्या दिवशी पोहे करपले, पण कोणाचीच तक्रार नव्हती.

पडद्यावर रेघा काढायच्या त्या यंत्राला टेलिस्ट्रेटर म्हणतात. यंत्र मॅडन यांनी शोधले नाही, पण जानेवारी १९८२ च्या सुपर बोलमध्ये सीबीएसने ते त्यांच्या हाती दिले आणि पुढे दोघांची नावे जोडीनेच घेतली जाऊ लागली. त्याचा वापर ते थट्टेसाठीही करत. न्यू यॉर्क जायंट्सचा हॅरी कार्सन सामना जिंकल्यावर आपल्याच प्रशिक्षकाच्या डोक्यावर थंड पेयाची बादली ओतायचा. १९८६ च्या हंगामात तो बादलीकडे कसा दबा धरून निघाला आहे, याचाही मॅडन यांनी रेघा ओढून, डावपेच समजावावा तसा, नकाशा काढून दाखवला होता.

प्रशिक्षकपद का सोडले, याविषयी थोडे. त्यांना पोटात अल्सर झाला होता आणि ते पुरते थकले होते, हे त्यांनी स्वतः सांगितले आहे. ऑगस्ट १९७८ मध्ये ओकलंडमधल्याच एका सराव सामन्यात रेडर्सच्या जॅक टेटमच्या धडकेने पाहुण्या संघाचा डॅरिल स्टिंगली कायमचा अपंग झाला. मॅडन त्याला भेटायला रुग्णालयात जात राहिले. पद सोडण्यामागे ही घटनाही होती, असे अनेक जण मानतात. मी त्यावर ठामपणे काही म्हणणार नाही, परंतु पुढे कितीही देकार आले, तरी ते मैदानाच्या कडेला परतले नाहीत, ही गोष्ट लक्षात ठेवण्याजोगी आहे.

आणखी एक. पॅट समरॉल नसते, तर मॅडन इतके फुलले नसते. समरॉल स्वतः माजी खेळाडू, धावते वर्णन त्यांच्याकडे असायचे आणि ते शब्द मोजून वापरायचे. खेळाडूचे नाव, किती यार्ड, कितवा प्रयत्न, बस्स. मग उरलेल्या वीस-पंचवीस सेकंदांत मॅडन यांनी हवा तेवढा धुमाकूळ घालावा. १९८१ पासून २००२ च्या सुरुवातीपर्यंत ही जोडी टिकली. आठ सुपर बोलचे समालोचन त्यांनी एकत्र केले.

कॉव्हेंट्रीचा_पाहुणा:

धागा अमेरिकन फुटबॉलचा आहे हे मान्य करूनही थोडी घुसखोरी करतो. मी अकरा वर्षे इंग्लंडमधल्या कॉव्हेंट्रीत राहतो. इथे फुटबॉल पायाने खेळतात आणि इथला मॅडन म्हणावा असा माणूस मॅडन यांच्याही आधी होऊन गेला. त्यांचे नाव जिमी हिल. स्टेडियमबाहेर त्यांचा पुतळा आहे आणि माझी बस रोज त्याच्या जवळून जाते.

हिल आधी खेळाडू होते, मग खेळाडूंच्या संघटनेचे अध्यक्ष झाले. आठवड्याला २० पौंडांपेक्षा जास्त पगार कोणत्याही खेळाडूला देता येणार नाही, हा नियम १९६१ मध्ये मोडीत निघाला, त्यात त्यांचा मोठा वाटा होता. त्याच वर्षी ते कॉव्हेंट्री सिटीचे व्यवस्थापक झाले. इथे प्रशिक्षकालाच मॅनेजर म्हणतात. तिसऱ्या विभागात चाचपडणारा हा संघ त्यांनी १९६७ मध्ये पहिल्या विभागात नेऊन बसवला. संघाचा गणवेश आकाशी केला, त्यावरून ‘स्काय ब्लूज’ हे नाव रूढ केले आणि बाहेरगावच्या सामन्यांना जाणाऱ्या प्रेक्षकांसाठी खास रेल्वेगाडी सोडली. मात्र मला सर्वांत लक्षणीय वाटते ती ऑक्टोबर १९६५ मधली घटना. संघ कार्डिफला खेळत होता आणि हिल यांनी कॉव्हेंट्रीच्या रिकाम्या मैदानावर मोठे पडदे उभारून तो सामना थेट दाखवला. दहा हजारांवर माणसे स्वतःच्याच मैदानावर, खेळाडू नसताना, पडद्याकडे पाहत बसली होती. हा माणूस पुढे दूरचित्रवाणीत जाणार, हे त्याच रात्री एखाद्याने ओळखायला हवे होते.

१९६७ चा हंगाम तोंडावर असताना, ज्यासाठी सहा वर्षे झगडले तो पहिला विभाग समोर असताना, हिल यांनी पद सोडत असल्याचे जाहीर केले. गावाला तो धक्काच होता. पुढच्या वर्षी ते लंडन वीकेंड टेलिव्हिजनचे क्रीडाप्रमुख झाले. १९७० च्या विश्वचषकात आयटीव्ही वाहिनीवर त्यांनी चौघांना स्टुडिओत एकत्र बसवून वाद घालायला लावले: माल्कम ॲलिसन, डेरेक डुगन, पॅट क्रेरँड आणि बॉब मॅकनॅब. यांपैकी ॲलिसन त्या वेळी प्रशिक्षक होते आणि बाकीचे तिघे खेळाडू. आज जगभर सामन्याआधी आणि मध्यंतरात जी तज्ज्ञ मंडळी ओळीने बसलेली दिसतात, त्यांचा वंश तिथपर्यंत मागे नेता येतो. १९७३ मध्ये हिल बीबीसीत गेले आणि तिथे पुढची अनेक वर्षे ‘मॅच ऑफ द डे’चा चेहरा होऊन राहिले.

परंतु मॅडन यांच्यासारखे सार्वत्रिक प्रेम त्यांच्या वाट्याला आले नाही. १९८२ च्या विश्वचषकात सेव्हिलला डेव्हिड नॅरीने ब्राझीलविरुद्ध स्कॉटलंडकडून सामन्यातला पहिला गोल केला. चेंडू वरच्या कोपऱ्यात गेला आणि सारा स्कॉटलंड आनंदाने वेडा झाला. हिल यांनी त्या फटक्याला ‘टो पोक’ म्हटले, म्हणजे बुटाच्या टोकाने ढोसलेला चेंडू. ब्राझीलने तो सामना ४-१ असा जिंकला, पण स्कॉटलंडने राग ब्राझीलवर धरला नाही, हिलवर धरला, आणि तो त्यांच्या मरणापर्यंत, म्हणजे २०१५ पर्यंत, पुरला. तांत्रिकदृष्ट्या ते काही अगदीच चुकीचे बोलले नव्हते. मात्र प्रशिक्षक सराव संपल्यावर खेळाडूच्या कानात जे सांगतो, ते देश नाचत असताना जाहीरपणे सांगायचे नसते. हा विवेक मॅडन यांच्याकडे अधिक असावा, असे वरचा प्रतिसाद वाचून वाटले.

रंकाळ्याची_संध्याकाळ:

आम्ही कोल्हापूरचे, म्हणजे पेठेत जन्मलो की फुटबॉल पाठीशी लागतोच. शाहू स्टेडियमच्या गॅलरीत माझ्या शेजारी एक वृद्ध गृहस्थ बसायचे. एका तालमीच्या संघाला त्यांनी एके काळी शिकवले होते. सामना चालू असताना ते पुढे काय होणार हे हळू आवाजात आधीच सांगायचे आणि आजूबाजूची वीस माणसे खेळ सोडून त्यांच्याकडे कान लावायची. त्यामुळे अलामेडाकरांचे म्हणणे मला पटते.

तरीही एक आक्षेप नोंदवतो. प्रशिक्षकांसाठी समालोचनाची खोली म्हणजे बहुधा एसटी स्टँडावरचे बाकडे असते. पुढची गाडी येईपर्यंत बसायचे. डिक व्हर्मील १९८२ च्या हंगामानंतर अतिश्रमाने थकून ईगल्स सोडून गेले, चौदा वर्षे टीव्हीवर बोलले आणि १९९७ मध्ये सेंट लुइस रॅम्सकडे परतले. पहिली दोन वर्षे दारुण गेली, तिसऱ्या वर्षी त्यांनी सुपर बोल जिंकला. जॉन ग्रुडन नऊ हंगाम ईएसपीएनवर बोलून २०१८ मध्ये रेडर्सकडे परतले आणि २०२१ मध्ये जुन्या ईमेलमधली भाषा उघड झाल्यावर त्यांना जावे लागले. शॉन पेटन तर एकच हंगाम फॉक्सवर बसले आणि डेन्व्हरच्या संघाचे प्रशिक्षक होऊन गेले. ज्याला उद्या त्याच मालकांकडे नोकरी मागायची आहे, तो आज त्यांच्या संघाविषयी खरे किती बोलेल? मला वाटते, मॅडन यांच्या यशाचे खरे कारण त्यांची शिकवण्याची हातोटी जितकी आहे, तितकेच हेही आहे की त्यांनी परतीचे तिकीट काढलेले नव्हते.

जुना_अलामेडाकर:

आक्षेप रास्त आहे, पण अर्धाच. मॅडन परत जाणार नव्हते हे खरे, तरी ते फार कठोर टीका करत होते असे मुळीच नाही. उलट प्रशिक्षकांना ते हात राखून बोलतात, ही त्यांच्यावरची नेहमीची तक्रार होती आणि ती मला मान्य आहे. सामन्याच्या आधी ते दोन्ही संघांचा सराव पाहायला जात, चित्रफिती मागवून घेत आणि प्रशिक्षकांशी बसून बोलत. आज हे सगळेच समालोचक करतात. त्या काळी हे नवे होते. ज्यांच्याकडून शुक्रवारी माहिती घ्यायची, त्यांना रविवारी झोडपणे कोणालाही अवघडच जाते.

त्यांचा प्रामाणिकपणा वेगळ्या ठिकाणी दिसायचा, तो सांगतो. फेब्रुवारी २००२, न्यू ऑर्लिन्स, सुपर बोल. न्यू इंग्लंड पेट्रियट्स आणि रॅम्स १७-१७ अशा बरोबरीत. ८१ सेकंद उरलेले, पेट्रियट्सकडे एकही टाइमआउट (घड्याळ थांबवायची संधी) नाही, चेंडू त्यांच्याच टोकाला आणि क्वार्टरबॅक म्हणून टॉम ब्रेडी नावाचा, मुख्य खेळाडू जखमी झाल्यामुळे संघात आलेला, चोवीस वर्षांचा मुलगा. मॅडन यांनी स्वच्छ सांगितले, की इथे धोका पत्करू नये, वेळ काढावा आणि सामना जादा वेळेत न्यावा. कोणताही सावध प्रशिक्षक हेच म्हणाला असता. ब्रेडीने फेकी करायला सुरुवात केली. पहिल्या दोन-तीन फेकींपर्यंत मॅडन यांना ते पटत नव्हते. मग त्यांचा सूर बदलत गेला, आणि शेवटी ब्रेडीने जे केले ते पाहून अंगावर काटा येतो, असे त्यांनीच कबूल केले. ॲडम व्हिनाटिएरीने ४८ यार्डांवरून चेंडू मारला आणि सामना २०-१७ असा संपला. आपला अंदाज कोट्यवधी लोकांसमोर चुकतो आहे हे दिसत असताना त्यांनी तो झाकला नाही, हळूहळू स्वतःच खोडून काढला. समरॉल यांच्याबरोबरचा तो त्यांचा शेवटचा सामना होता.

पुढच्याच जानेवारीत सुपर बोलमध्ये त्यांना स्वतःच्या जुन्या रेडर्सचा ४८-२१ असा पराभव एबीसीवर वर्णन करावा लागला. हरवणारा प्रशिक्षक होता ग्रुडन, ज्याचा उल्लेख वर आला आहे आणि जो वर्षभरापूर्वीपर्यंत रेडर्सचाच होता. त्या रात्री मॅडन यांच्या आवाजात मला फरक जाणवला नाही. माझ्या आवाजात होता.

खाडीकाठ:

सर्वांचे मनापासून आभार. इतके तपशीलवार लिहिले जाईल, असे वाटले नव्हते. आता पुरवणी प्रश्न: मग व्हिडिओ गेममध्ये त्यांचा हात खरोखर होता, की केवळ नाव विकले? मुलगा म्हणतो, नाव विकले.

जुना_अलामेडाकर:

चिरंजीवांना सांगा, की हात होता. मॅडन विमानात बसत नसत. बंद जागेची त्यांना भीती वाटे, त्यामुळे देशभरचे सामने ते आधी रेल्वेने आणि १९८७ नंतर खास बनवलेल्या बसने गाठत. इलेक्ट्रॉनिक आर्ट्स या गेम बनवणाऱ्या कंपनीचे ट्रिप हॉकिन्स १९८४ मध्ये त्यांना गाठायला अशाच एका रेल्वेप्रवासात त्यांच्याबरोबर बसले. त्या काळच्या संगणकांना दोन्हीकडचे बावीस खेळाडू पेलत नव्हते, म्हणून प्रत्येक बाजूला कमी गडी ठेवावेत, असा प्रस्ताव होता. मॅडन यांनी तो साफ फेटाळला. अकरा नसतील तर तो फुटबॉल नव्हे आणि त्याला माझे नाव लागणार नाही, असा त्यांचा आग्रह होता. त्या हट्टापायी गेम बाजारात यायला १९८८ उजाडले. कमी गडी ठेवायचे म्हटले असते, तर आधी पुढच्या रांगेतलेच कापले गेले असते, हे त्यांच्या बरोबर लक्षात आले असावे.

खाडीकाठ:

वाचून दाखवले. तो म्हणाला, की गार्डकडे मी कधीच पाहत नाही, तो आपोआप पळतो. मग त्याने रिप्ले लावला आणि आम्ही दोघांनी पडद्याजवळ जाऊन शोधले. सापडला. ६६ नंबरचा होता आणि खरोखरच मागून आडवा पळत होता.